खानापुरातून काम की पुण्यात खोली?

मामेबहिणीला कंपनीने दोन्ही मुभा दिल्यात: घरून काम किंवा पुण्याचं ऑफिस. खर्चात घर सरळ जिंकतं. खोलीभाडं, मेस, सणासुदीचा प्रवास सगळं वाचतं. पण खानापूर तालुक्यातला पावसाळा म्हणजे वीज कधी जाईल नेम नाही; इन्व्हर्टर आणि दुसऱ्या कंपनीचं सिम हवंच. खरी अडचण वेगळी आहे. मुलगी घरी दिसली की पाहुण्यांचा चहा तिच्याच गळ्यात पडतो. मुलगा काम करत असला की त्याचं दार हळूच लोटून घेतात. हे मला फार खटकतं. शिवाय वरिष्ठांशेजारी बसून जे शिकता येतं, ते घरी मिळत नाही. नवख्यांनी पुणं गाठावं. कामात हात बसलेल्यांनी किंवा घरी म्हातारे आईवडील असलेल्यांनी इथेच राहावं, पण आतून कडी लागणारी स्वतंत्र खोली आधी मागून घ्यावी.