घाबऱ्या जिवाचे तीन मिनिटांचे गाणे : ग्रीन डेचे ‘बास्केट केस’

ग्रीन डे या अमेरिकन बँडचे ‘बास्केट केस’ (बोलीभाषेत, डोके ठिकाणावर नसलेला माणूस) हे गाणे ऑगस्ट १९९४ मध्ये सिंगल म्हणून, म्हणजे अल्बमबाहेर स्वतंत्रपणे, आले. सांगलीत विश्रामबागेच्या बाजूला गिटार शिकायला जाणाऱ्या मुलांपैकी बहुतेकांचा तेव्हा जन्मही झालेला नव्हता. तरी थोडा हात बसला की ही मुले आवडीने ज्या गाण्यांकडे वळतात, त्यांत हे एक आहे. पंक या बंडखोर रॉक संगीताचा वेग आणि खरखरीत आवाज कायम ठेवून त्याला सहज गुणगुणता येईल अशी चाल द्यायची, ही पॉप-पंकची रीत. या रीतीतली गाणी मी बरीच ऐकली आहेत आणि त्यांत ‘बास्केट केस’ला तोड नाही, असे माझे स्पष्ट मत आहे. व्हिडिओबद्दल मात्र माझे मत इतके सरळ नाही.

बँडमध्ये माणसे तीनच. बिली जो आर्मस्ट्राँग गातो आणि गिटार वाजवतो, माइक डर्न्टकडे बेस गिटार आहे आणि ट्रे कूल ड्रम वाजवतो. कॅलिफोर्नियातील बर्कली येथे गिल्मन स्ट्रीटवरच्या छोट्याशा क्लबात ही मंडळी घडली आणि रिप्राइज या मोठ्या संगीत कंपनीशी करार केल्यावर त्याच क्लबाचे दार त्यांना बंद झाले, कारण मोठ्या कंपन्यांच्या बँडना तिथे मज्जाव होता. त्या कंपनीसाठी रॉब कॅव्हालो या निर्मात्याबरोबर केलेला ‘डुकी’ हा अल्बम फेब्रुवारी १९९४ मध्ये आला आणि ‘बास्केट केस’ त्यातलेच. अमेरिकेतील लोकप्रिय गाण्यांच्या मॉडर्न रॉक यादीत ते पाच आठवडे पहिल्या क्रमांकावर होते.

गाण्याला प्रास्ताविक असे काही नाही. पहिल्या क्षणाला गिटार आणि आवाज एकदमच सुरू होतात. उजव्या तळहाताची कड तारांवर टेकवून आर्मस्ट्राँग वाजवत असतो, त्यामुळे स्वर उमटतो पण लांबत नाही. जागच्या जागी दबून राहतो. मिरजेच्या तंबोऱ्याची आस कानात मुरलेल्या आपल्या भागातील श्रोत्याला हा तुटक, कोंडलेला नाद सुरुवातीला खटकण्याची शक्यता आहे. पण या गाण्याचा जीव त्या कोंडण्यातच आहे. बोलणाऱ्याला श्वास पुरत नाही आणि तरीही सगळे सांगून टाकायचे आहे, ही अवस्था शब्द कळण्यापूर्वीच त्या दाबलेल्या तारांतून कळते. पहिले ध्रुवपद अर्ध्यावर येईपर्यंत साथीला दुसरे कोणी नाही. तिथे ड्रम आणि बेस एकदम येऊन मिळतात, तळहात उचलला जातो, तारा मोकळ्या सुटतात आणि इतका वेळ एकट्याने चाललेली बडबड तिघांच्या गर्जनेत बदलते. तीन मिनिटांच्या गाण्यात बँडने साथ इतकी रोखून धरावी, याला मोठा संयम लागतो, आणि या शैलीतल्या फार थोड्या मंडळींकडे तो असतो.

चालीचे मूळ शोधायला गेले तर आणखी एक गोष्ट हाती लागते. यातील कॉर्डांची, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या स्वरसमूहांची, उतरती मांडणी योहान पाखेलबेल या सतराव्या शतकातील जर्मन संगीतकाराच्या ‘कॅनन’ या प्रसिद्ध रचनेच्या फार जवळची आहे. लग्नसमारंभात वाजवली जाणारी ती शांत, मंगल रचना आणि हे धापा टाकणारे गाणे एकाच पायावर उभे आहे, हे दोन्ही पाठोपाठ ऐकल्यावर लगेच पटते. गाणे इतके अस्वस्थ असूनही कानाला ओळखीचे का वाटते, याचे निम्मे उत्तर मला तिथे मिळाले. सगळी वाद्ये नेहमीपेक्षा अर्धा स्वर खाली लावलेली आहेत, हेही शिकणाऱ्यांनी ध्यानात ठेवावे. नाहीतर मूळ ध्वनिमुद्रणाबरोबर वाजवताना स्वर जुळत नाही.

आता शब्दांकडे वळू. आर्मस्ट्राँगला त्या काळी अचानक जीव घाबरा होण्याचे झटके येत आणि आपले डोके फिरत चालले आहे की काय, असे त्याला वाटत असे. हा पॅनिक डिसऑर्डर नावाचा आजार आहे हे त्याला बऱ्याच वर्षांनी कळले. गाणे लिहिताना त्याच्याजवळ निदान नव्हते, नुसती भीती होती. म्हणून गाण्यातला माणूस पहिल्याच ओळीत समोरच्याकडे वेळ मागतो, माझे रडगाणे ऐकून घ्याल का म्हणून विचारतो. पुढे तो मानसोपचारतज्ज्ञाकडे जातो, मग एका वेश्येकडे जातो. एक जण त्याच्या दुखण्याचे खापर शरीरसुखाच्या अभावावर फोडतो, तर दुसरीकडे त्याचे आयुष्यच कंटाळवाणे ठरवले जाते. त्याच्या मूळ प्रश्नाला कोणीच हात घालत नाही. हे सगळे भास आहेत की नशेचा परिणाम, हा प्रश्न ध्रुवपदात तसाच लटकत राहतो.

हा भाग मला फार जवळचा वाटतो, कारण आपल्याकडेही हेच चालते. छातीत धडधडते, हातपाय गार पडतात, दरदरून घाम फुटतो असे एखाद्या मुलाने घरी सांगितले, की कोणी दृष्ट काढतो, कोणी मोबाइल कमी कर म्हणतो आणि कोणी लग्न लावून द्या, सगळे ताळ्यावर येईल असे सुचवतो. ईसीजी नॉर्मल आला की ‘तुला काही झालेले नाही’ असे सांगून विषय मिटवला जातो. त्या मुलाला काहीतरी होत असते, आणि ते नेमके काय हे त्यालाही सांगता येत नसते. स्पर्धा परीक्षांच्या अभ्यासिकांमध्ये बसणाऱ्या, खोलीवर एकट्याने राहणाऱ्या मुलामुलींनी हे गाणे ऐकावे असे मला मनापासून वाटते. उपचार म्हणून ते ऐकावे असा माझा दावा नाही, त्यासाठी डॉक्टरच गाठावा. पण ही अवस्था दुसऱ्या कोणीतरी इतक्या नेमकेपणाने मांडली आहे, याचाही आधार होतो.

मार्क कोर यांनी दिग्दर्शित केलेल्या व्हिडिओचे चित्रीकरण कॅलिफोर्नियातील अ‍ॅग्न्यूज येथील बंद पडलेल्या मनोरुग्णालयात झाले. १९०६ च्या सॅन फ्रान्सिस्को भूकंपात याच संस्थेच्या इमारती कोसळून शंभराहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली होती. व्हिडिओ मुळात कृष्णधवल चित्रित केला आणि रंग नंतर भरले. आपल्याकडच्या जुन्या फोटो स्टुडिओंत कृष्णधवल छायाचित्रावर कुंचल्याने गाल गुलाबी आणि शालू हिरवा केला जात असे, त्या जातीचा हा रंग आहे : प्रत्येक वस्तूला रंग आहे, पण तो तिच्या अंगचा वाटत नाही. आनंदी चालीखाली घाबरलेले शब्द असलेल्या गाण्याला याहून समर्पक दृश्यरूप मला सुचत नाही. आरंभी आर्मस्ट्राँग एकटाच असतो आणि बाकीचे दोघे नंतर त्याला येऊन मिळतात, म्हणजे संगीताची रचनाच दृश्यात उतरवली आहे. आद्य मराठी नाटककार विष्णुदास भाव्यांच्या सांगलीतल्या प्रेक्षकाने आर्मस्ट्राँगच्या डोळ्यांकडे अवश्य लक्ष द्यावे. पापणी न लवता, डोळे फाडून तो थेट कॅमेऱ्यात पाहतो. ओठ गाणे म्हणतात आणि डोळे मदत मागतात. हा मुद्राभिनय केवळ विक्षिप्तपणा म्हणून सोडून देण्यासारखा नाही.

माझा आक्षेप आहे तो भोवतालच्या माणसांच्या चित्रणावर. व्हीलचेअर, इस्पितळाचे कपडे, पुढे दिसणारे मुखवटे घातलेले चेहरे हे सर्व बँडच्या मागची सजावट होऊन बसते. गायकाला जे दुःख आहे तेच तिथल्या रुग्णांनाही असणार, पण कॅमेरा त्यांच्याकडे केवळ विचित्र देखावा म्हणून पाहतो. आपल्या भागात आजही कोणी जरासे वेगळे वागले की वेड्यांच्या इस्पितळाचे नाव घेऊन त्याची थट्टा होते आणि त्या थट्टेच्या धाकाने माणसे डॉक्टरकडे जायचे टाळतात. अशा ठिकाणी हा व्हिडिओ नुसती गंमत म्हणून मुलांच्या हाती पडला, तर गाण्याने जोडलेली सहानुभूती चित्रांमुळे उणावते. इस्पितळात चित्रीकरण करण्याची कल्पना बँडचीच होती आणि गायक स्वतः त्या भीतीतून जात होता, हे लक्षात घेऊनही माझा हा आक्षेप मी मागे घेणार नाही.

म्हणून माझी शिफारस अशी की आधी गाणे ऐकावे आणि व्हिडिओ नंतर पाहावा. मोबाइलच्या स्पीकरवर माइक डर्न्टचा बेस जवळजवळ नाहीसा होतो, त्यामुळे हेडफोन वापरावा. दुसऱ्या कडव्यापासून त्याची चाल गायकाच्या चालीखालून स्वतंत्रपणे धावते आणि ती ऐकू आली की गाणे दुप्पट भरीव होते. ट्रे कूलचे ड्रम ऐकताना दोन ओळींमधल्या जागा तो कशा भरतो तेवढेच सलग लक्ष देऊन ऐकावे. ओळ संपली की लगेच तुकडा येतो आणि गायकाला थांबायला उसंत मिळत नाही. शब्दांत नशेचा आणि लैंगिक गोष्टींचा उघड उल्लेख असल्याने शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी हे गाणे योग्य नाही. महाविद्यालयाच्या मंचावर मात्र अवश्य बसवावे, आणि बसवताना पहिल्या कडव्यात ड्रम वाजवण्याचा मोह टाळावा.