चौकटीखालचा इतिहास : रॉयल सोसायटी ऑफ केमिस्ट्रीच्या ऑनलाइन आवर्तसारणीचे परीक्षण

मूलद्रव्यांविषयी खात्रीची माहिती एकाच ठिकाणी आणि विनामूल्य हवी असेल, तर ब्रिटनमधील रॉयल सोसायटी ऑफ केमिस्ट्री या संस्थेच्या ऑनलाइन आवर्तसारणीची शिफारस मी नि:शंकपणे करतो. आपल्या दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकात डोबेरायनरची त्रिके, न्यूलँड्सची अष्टके आणि मेंडेलीव्हची सारणी यांची ओळख होते. परंतु एकेका मूलद्रव्याचा स्वभाव आणि त्याच्या शोधाची हकिकत सांगायला पाठ्यपुस्तकात जागा नसते. ती उणीव येथे बऱ्याच अंशी भरून निघते.

सारणीतील कोणत्याही चौकोनावर टिचकी मारली की त्या मूलद्रव्याचे स्वतंत्र पान उघडते. आरंभीच्या चौकटीत गण, आवर्तन, अणुअंक, घनता, अपरूपे, तसेच सेल्सिअस, फॅरनहाइट आणि केल्विन या तिन्ही मापांतील द्रवणांक व उत्कलनांक दिलेले असतात. चौकटीतच त्याखाली शोधाचे वर्ष, शोधकाचे नाव आणि मूलद्रव्याच्या नावाचा उगम येतो. विद्यार्थी बहुधा एवढेच उतरवून घेतात आणि थांबतात. त्यांनी तसे करू नये, हे मला आग्रहाने सांगायचे आहे, कारण या सेवेचे खरे मोल चौकटीत नसून त्याच पानावर खाली असलेल्या इतिहासाच्या परिच्छेदात आहे.

व्हॅनेडियमचे पान पाहावे. चौकटीत आंद्रेस मान्युएल देल रिओ यांचे नाव आणि 1801 हे वर्ष आहे. नाव मात्र व्हॅनाडिस या स्कँडिनेव्हियन देवतेवरून आल्याचे सांगितले आहे. मेक्सिको शहरात खनिजशास्त्र शिकवणाऱ्या प्राध्यापकाने आपल्या मूलद्रव्यासाठी उत्तर युरोपातील देवता का निवडावी, याचा उलगडा चौकटीतून होत नाही. इतिहासात तो होतो. देल रिओंनी शिशाच्या एका खनिजात हे मूलद्रव्य ओळखून नमुना पॅरिसला धाडला, तेथील रसायनशास्त्रज्ञांनी ते क्रोमियमच असल्याचा निर्वाळा दिला आणि देल रिओंचा दावा मागे पडला. पुढे 1831 मध्ये स्वीडनच्या सेफस्ट्रॉम यांना तेच मूलद्रव्य ओतीव लोखंडात सापडले, आणि आज रूढ असलेले नाव या दुसऱ्या शोधातून आले. श्रेय पहिल्याचे आणि नाव दुसऱ्याचे, हा गुंता एका ओळीच्या नोंदीत मावणारा नाही.

मराठी वाचकाला हेलियमच्या पानाची विशेष ओढ वाटेल. हेलियम म्हटले की, इंग्रज खगोलशास्त्रज्ञ लॉकियर यांनी जेथून त्याचा शोध लावल्याचे आपल्याकडे सांगितले जाते, तो विजयदुर्ग किल्ल्यावरील साहेबाचा कट्टा आपल्याला आठवतो आणि 18 ऑगस्ट 1868 चे खग्रास सूर्यग्रहण आठवते. प्रत्यक्षात त्या ग्रहणात फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ झाँसेन यांनी सूर्याच्या वर्णपटाचा अभ्यास केला तो आंध्रातील गुंटूर येथे; लॉकियर यांनी त्या वर्णपटातील हेलियमची पिवळी रेषा नोंदवली ती त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये, इंग्लंडमध्ये, ग्रहण नसताना. मात्र चौकटीत शोधाचे वर्ष 1895 दिले आहे, कारण त्या वर्षी लंडनमध्ये रॅम्से यांना युरेनियमच्या खनिजातून हा वायू प्रत्यक्ष हाती लागला आणि उप्सालामध्ये क्लेव्ह व लांगले यांनीही तो स्वतंत्रपणे मिळवला. सूर्यावर ओळख पटणे आणि पृथ्वीवर पदार्थ हाती येणे यांतील शोध कोणता मानावा, हा प्रश्न वर्गात चर्चेला घेण्याजोगा आहे, आणि या पानाच्या आधारे तो नेमकेपणाने मांडता येतो.

जस्ताच्या पानाने मला सर्वाधिक समाधान दिले. मूलद्रव्य म्हणून ओळख पटवण्याचे श्रेय मार्गग्राफ यांना देतानाच, जस्त हा स्वतंत्र धातू असल्याचे प्रथम भारतात ओळखले गेले आणि राजस्थानातील जावर येथे त्याचे मोठ्या प्रमाणावर शुद्धीकरण होत असे, हे तेथे नि:संदिग्धपणे नोंदवलेले आहे. जस्त सुमारे 907 अंश सेल्सिअसला उकळते आणि भट्टीत त्याची वाफ होऊन निसटते, म्हणून ते मिळवणे तांब्या-लोखंडापेक्षा कठीण होते. जावरच्या कारागिरांनी मातीच्या मुशी उलट्या ठेवून ती वाफ खाली थंड करून धरली. या तंत्राचे वर्णनही पानावर सविस्तर असायला हवे होते.

गॅलियमबाबतही असेच वाटते. मेंडेलीव्हने ॲल्युमिनियमखालच्या रिकाम्या जागेतील धातूची घनता 5.9 असेल असे वर्तवले होते, हे पानावर आहे. परंतु हा धातू, म्हणजेच गॅलियम, शोधणाऱ्या ब्वाबोद्रां यांचे पहिले मोजमाप 4.7 आले, तेव्हा मेंडेलीव्हने नमुना पुन्हा शुद्ध करण्यास सुचवले आणि नव्या मोजमापाने त्याचे भाकीत खरे ठरवले, हा आवर्ती नियमाच्या इतिहासातील अत्यंत उत्कंठावर्धक प्रसंग आहे. विद्यार्थ्याला तो शिक्षकाने अवश्य सांगावा.

चित्रांविषयी माझे मत तितकेसे अनुकूल नाही. मरे रॉबर्टसन यांची प्रतीकात्मक चित्रे कल्पक आहेत, पण प्रत्यक्ष धातू कसा दिसतो हे त्यांतून कळत नाही. ती गरज नॉटिंगहॅम विद्यापीठाच्या चित्रफिती भागवतात. पुरवठ्याच्या जोखमीचे 1 ते 10 असे गुणांकन उपयुक्त असले, तरी द्रवणांक बदलत नाही आणि खाणींचे राजकारण बदलते, हे ध्यानात ठेवून ते आकडे अन्यत्र पडताळून घ्यावेत.

सर्व मजकूर इंग्रजीत आहे, ही मराठी माध्यमाच्या मुलांपुढील मोठी अडचण आहे. शिक्षकांनी परिभाषेसाठी मराठी विश्वकोशातील नोंदी शेजारी ठेवाव्यात, त्याही ऑनलाइन विनामूल्य मिळतात. मात्र विश्वकोशाचा पहिला खंड 1976 मधील आहे. त्यामुळे आकडे आणि 2016 मध्ये नामकरण झालेली निहोनियम, मॉस्कोव्हियम, टेनेसीन व ओगानेसॉन ही मूलद्रव्ये यांसाठी या सारणीवरच विसंबावे.