‘व्हल्कन’ हा व्हायरस नाही. तो काढायला पैसे देऊ नका

कॉम्प्युटरच्या स्क्रीनभर लाल पाटी येते, कर्कश भोंगा वाजतो आणि खाली फोन नंबर असतो. घाबरून फोन लावला की पलीकडचा माणूस अगदी गोड बोलून एनीडेस्क टाकायला लावतो, म्हणजे दुरून तुमचा कॉम्प्युटर चालवता येईल असा प्रोग्राम. मग तुमच्याच प्रोग्रामांची यादी उघडून विचारतो, “व्हल्कन रन टाइम लायब्ररीज. हे तुम्ही टाकलंय का?” तुम्ही खरं तेच सांगता, “नाही.” त्या एका ‘नाही’वर पुढचा सगळा धंदा चालतो.

ते तुम्ही टाकलेलं नसतंच. ग्राफिक्स कार्डाच्या ड्रायव्हरबरोबर, म्हणजे स्क्रीनवर चित्र उमटवणारा भाग चालवणाऱ्या प्रोग्रामबरोबर, ते आपसूक येतं. क्रोनोस ग्रुपने २०१६ मध्ये आणलेलं व्हल्कन म्हणजे गेम किंवा थ्रीडी प्रोग्रामने ग्राफिक्स कार्डाशी बोलायची एक पद्धत. एनव्हिडियाचं ‘फिजएक्स’ आणि ‘एचडी ऑडिओ’ही तसंच, दुसरं तर एचडीएमआयच्या वायरीतून टीव्हीला आवाज पोचवतं. ‘व्हिज्युअल सी++’ची नावं आठ-दहा वेळा दिसतात, कारण निरनिराळ्या प्रोग्रामना निरनिराळ्या सालची आवृत्ती लागते, त्यातही ३२ आणि ६४ बिटची वेगळी.

खरी मेख पुढे आहे. तो फोनवरचा माणूस व्हल्कन काढून टाकतो आणि पैसे घेतो. दोन दिवसांनी गेम उघडायला जावं तर ‘व्हल्कन-१.डीएलएल सापडली नाही’ असा निरोप येतो. माणसाला वाटतं, व्हायरस परत आला, आणि तो पुन्हा त्याच नंबरवर फोन करतो. ती फाइल कुठल्याही भलत्या साइटवरून उतरवू नका. कार्ड बनवणाऱ्या कंपनीच्या साइटवरून ड्रायव्हर पुन्हा टाकला की ती जागेवर येते, फुकट.

शंका आली तर यादीतली तारीख बघा: व्हल्कन आणि डिस्प्ले ड्रायव्हर बहुधा एकाच दिवसाचे निघतात. विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमधल्या त्या व्हल्कन-१.डीएलएल फाइलीवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये डिजिटल सिग्नेचरही तपासता येते.

लाल पाटी ही निव्वळ ब्राउझरमधलं पान असते. एस्केप दाबून धरा. नाहीच हटली तर कंट्रोल, शिफ्ट, एस्केप एकत्र दाबून टास्क मॅनेजरमधून ब्राउझर बंद करा. मायक्रोसॉफ्टच्या खऱ्या इशाऱ्यात फोन नंबर कधीच नसतो.

पैसे गेले असतील तर आधी इंटरनेट तोडा, एनीडेस्क काढा, बँकेचे पासवर्ड दुसऱ्या उपकरणावरून बदला आणि लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा. व्यवहाराचा क्रमांक हाताशी ठेवा, तो विचारतात.