नौपाड्यातली रसवंती आणि मोरस साखर

ठाण्याच्या नौपाड्यात राम मारुती रोडच्या मागच्या गल्लीतल्या या रसवंतीत मी बारा वर्षं जाते आहे. मालक पुरंदरकडचे. ऊस आपल्यासमोर तासतात, दुमडून त्याच्या पोटात आलं-लिंबू घालतात आणि चिपाड कोरडं होईपर्यंत तीनदा चरकातून काढतात. फेस गाळणीतच राहतो, त्यामुळे ग्लास खरोखर रसाने भरतो. बर्फ मागितला तरच. लहान ग्लास वीस रुपये, मोठा तीस.

गेल्या महिन्यात मॉरिशसच्या एका मराठी पाहुणीला घेऊन गेले. तिचे खापरपणजोबा आमच्याच रत्नागिरी जिल्ह्यातून उसाच्या मळ्यात गेलेले. गाव कोणतं, ते आता घरात कुणालाच ठाऊक नाही. चरकाचे घुंगरू वाजले तशी ती थबकलीच.

ब्रिटिशांनी १८३३ साली गुलामगिरी बंद करणारा कायदा केला. भरपाई मिळाली मळेवाल्यांना. गुलामांना दमडीही नाही. सुटलेली माणसं पुन्हा त्या मळ्यांत राबायला राजी नव्हती, म्हणून १८३४पासून आपल्याकडच्या गरिबांना करारावर जहाजांत भरून मॉरिशसला नेलं. कलकत्ता, मद्रास आणि आपली मुंबई, तिन्ही बंदरांतून. साडेचार लाखांच्या आसपास माणसं गेली, बहुतेक तिथेच राहिली. त्यांच्या घामाची पांढरी साखर मात्र मुंबईच्या बाजारात विकायला येत होती. आमची गुजराती शेजारीण आजही साखरेला ‘मोरस’ म्हणते, ते नाव मॉरिशसवरूनच पडलेलं. हे सांगितलं तेव्हा पाहुणीने हातातला ग्लास खाली ठेवला. लहानपणी ऐकलेलं तिला आठवलं: उसाच्या पात्याने हात चिरायचे, म्हणून आजी कापडं गुंडाळून कापणीला जायची. मला तर रत्नागिरीच्या शाळेत यातलं अक्षरही कुणी शिकवलं नव्हतं, याचं आजही वाईट वाटतं.

तक्रार एकच. गर्दीत ग्लास एकाच बादलीत विसळतात. मी कागदी ग्लास मागते, तुम्हीही मागा.

मालक सगळं ऐकत होते. पाहुणीने पैसे पुढे केले तर म्हणाले, “राहू द्या ताई, माहेरी आलात.” आणि पेरं काढून सोललेलं एक कांडं तिच्या हातात दिलं. तलावपाळीपर्यंत ती ते चघळत होती.