कोपऱ्यातला लोगो, रिकामं खातं आणि गेलेलं चॅनल

सुरुवात एका साध्या मेसेजने होते. ‘तुमचा गेमप्ले पाहिला, आवडला. आमचा गेमिंग ॲक्सेसरीजचा ब्रँड आहे. दोन तासांची एक स्ट्रीम, कोपऱ्यात आमचा लोगो, आठ हजार रुपये, निम्मे आगाऊ.’ मेसेज इन्स्टाग्रामवर येतो, कधी चॅनलच्या ईमेलवर, कधी गेमरांच्या गप्पांच्या डिस्कॉर्ड ॲपवर. आकडा मुद्दाम बेताचा असतो. पन्नास हजार म्हटलं तर घरात कोणीतरी शंका काढेल. आठ हजार खरे वाटतात, आणि त्यात एक बरा हेडफोन नि महिन्याचा रिचार्ज सहज बसतो.

मोबाइलवर बीजीएमआय किंवा फ्री फायर मॅक्स हे गोळीबाराचे गेम खेळून लाइव्ह दाखवणाऱ्या छोट्या चॅनलांना लुटण्याची ही पद्धत आहे. ती समजून घ्यायची तर आधी एक तांत्रिक अडचण समजली पाहिजे, कारण चोर नेमका तिच्यातूनच आत शिरतो. यूट्यूबच्या स्वतःच्या ॲपमधून फोनची स्क्रीन लाइव्ह दाखवता येते, पण त्यावर आपल्याला हवा तसा लोगो, चॅटची चौकट किंवा देणगीची सूचना लावायची सोय तिथे नाही. त्यासाठी प्रिझम, स्ट्रीमलॅब्स यांसारखं वेगळं ॲप लागतं. म्हणजे ‘आमचा लोगो दाखवायचा तर आमचं ॲप टाका’ ही मागणी खेळणाऱ्याला मुळीच विचित्र वाटत नाही. ती कामाचाच भाग वाटते.

मग व्हॉट्सॲप किंवा टेलिग्रामवर एक एपीके फाइल, म्हणजे प्ले स्टोअरला वळसा घालून ॲप टाकायची फाइल, येते. ‘बीटा आहे, प्ले स्टोअरवर यायला वेळ लागेल.’ इथपासून परवानग्यांची रांग सुरू होते आणि फसवणुकीची खरी गोम या रांगेतच आहे. ॲप स्क्रीन टिपायची परवानगी मागतं; ती कुठलंही स्ट्रीमिंग ॲप मागतं. मायक्रोफोन मागतं, तोही लागतोच. दुसऱ्या ॲपवर दिसण्याची, म्हणजे ‘डिस्प्ले ओव्हर अदर ॲप्स’ची परवानगी मागतं, गेम चालू असताना चॅटची चौकट आपल्या पडद्यावर तरंगायची तर तीही लागते. बॅटरीची बंधनं काढायला सांगतं. तेही रास्त, नाहीतर अर्ध्या तासाने फोन मागचं ॲप बंद करतो आणि स्ट्रीम तुटते. या चारही गोष्टी खऱ्या ॲपला दिलेल्या असतात. रोज स्ट्रीम करणाऱ्याच्या अंगठ्याला हे होकार देण्याची सवय जडलेली असते. पाचवी आणि सहावी परवानगी त्याच ओघात येते: ॲक्सेसिबिलिटी आणि एसएमएस.

इथे थांबायचं. गेमचं चित्र यूट्यूबवर पाठवायला या दोन्हींपैकी एकही लागत नाही. ॲक्सेसिबिलिटी ही दृष्टिहीन किंवा हात नीट न चालणाऱ्या माणसांसाठी केलेली सोय आहे. ती मिळालेलं ॲप पडद्यावरचा मजकूर वाचू शकतं आणि तुमच्या वतीने बटणंही दाबू शकतं. बँकांची बरीच ॲपं स्क्रीन रेकॉर्ड होत असताना काळा पडदा दाखवतात, त्यामुळे नुसत्या रेकॉर्डिंगने चोराचं भागत नाही. म्हणून तो ॲक्सेसिबिलिटीसाठी हटून बसतो. ‘चॅट वाचून दाखवायला लागते’, ‘लोगो गेमच्या वर ठेवायला लागते’ अशी कारणं तयार असतात. दोन्ही खोटी आहेत.

अँड्रॉइडने इथे अडथळे घातलेले आहेत. अँड्रॉइड १३ पासून बाहेरून टाकलेल्या ॲपला ॲक्सेसिबिलिटी द्यायला गेलं की ‘रिस्ट्रिक्टेड सेटिंग’ असा नकार येतो. २०२४ च्या अखेरीपासून भारतात गूगलचं प्ले प्रोटेक्ट, म्हणजे फोनमधली ॲपं तपासणारी सोय, मेसेज किंवा ब्राउझरमधून आलेल्या आणि एसएमएस वा ॲक्सेसिबिलिटी मागणाऱ्या ॲपला थेट अडवायला लागलं. म्हणून समोरचा माणूस कॉलवर राहून एक एक पायरी सांगतो: प्ले स्टोअरमध्ये जा, प्ले प्रोटेक्ट बंद करा, सेटिंग्जमध्ये ॲपच्या पानावर जा, वरच्या कोपऱ्यातले तीन ठिपके दाबा, ‘ॲलो रिस्ट्रिक्टेड सेटिंग्ज’ निवडा. प्ले प्रोटेक्ट बंद करणं आणि ‘रिस्ट्रिक्टेड’ सेटिंग मोकळी करणं, या दोन पायऱ्यांची गरज कोणत्याही प्रायोजकाला, कोणत्याही लोगोसाठी पडत नाही. त्या सांगितल्या गेल्या की समोर कोण आहे हे ठरलं. फोन ठेवा, ॲप काढा.

पुढचं झपाट्याने घडतं. ‘टेस्ट स्ट्रीम करू’ म्हणून स्ट्रीम की, म्हणजे तुमच्या चॅनलवर लाइव्ह जाण्याचा गुप्त कोड, मागतात. ॲप बऱ्यापैकी चालतं, चॅनलवर चित्र दिसतं, विश्वास बसतो. मग ‘आगाऊ रक्कम टाकली, जमा झाली का बघा’ म्हणून बँकेचं किंवा यूपीआयचं ॲप उघडायला लावतात. पिन टाकला जातो. थोड्या वेळाने पडद्यावर ‘अपडेट चालू आहे, फोनला हात लावू नका’ असा फलक येतो. त्या फलकाच्या मागे फोन दुसरंच कोणी चालवत असतं. ओटीपी त्याच फोनवर येतात, वाचले जातात, पुसले जातात. बहुतेक घरांत मुलाच्या हातातला फोन, त्यातलं सिम आणि खातं हे वडिलांचं किंवा आईचं असतं, त्यामुळे जातात ते आठ हजार नव्हेत, पगार जातो.

पैशांपाठोपाठ चॅनल जातं. गूगल खात्यात नवीन ठिकाणाहून लॉगिन करताना ‘हे तुम्हीच आहात का’ असा प्रश्न तुमच्या फोनवर येतो, आणि फोन चोराच्या ताब्यात असतो. पासवर्ड बदलतो, रिकव्हरी नंबर बदलतो, जुने व्हिडिओ खाजगी होतात, नाव बदलतं आणि चॅनलवर क्रिप्टोची लाइव्ह जाहिरात सुरू होते. हे फक्त छोट्यांवर येतं असं नाही. मार्च २०२३ मध्ये कॅनडातल्या लायनस टेक टिप्सचं चॅनल असंच गेलं होतं. तिथे प्रायोजकाच्या नावाने आलेली फाइल संगणकावर उघडली गेली, चोराने चालू लॉगिनचं टोकन (पासवर्ड न विचारता आत घेणारी खूण) उचललं आणि पासवर्ड, दुहेरी पडताळणी दोन्ही बाजूला पडल्या. सप्टेंबर २०२४ मध्ये भारताच्या सर्वोच्च न्यायालयाच्या यूट्यूब चॅनलवर क्रिप्टोचे व्हिडिओ दिसू लागले होते. हातात येणाऱ्या कुठल्याही जुन्या चॅनलला गिऱ्हाईक असतं, आणि तीन वर्षं घासून जमवलेले दोन हजार सबस्क्रायबर चोर दहा मिनिटांत विकायला काढतो, याचा राग यायलाच हवा.

स्ट्रीम कीबद्दल वेगळं सांगायला हवं, कारण तिला कोणी फारसं जपत नाही. ही की म्हणजे तुमच्या चॅनलवर प्रक्षेपण करण्याची किल्ली. तिच्याने खात्यात शिरता येत नाही, पण ती ज्याच्याकडे आहे तो जगाच्या कुठल्याही कोपऱ्यातून तुमच्या चॅनलवर काहीही दाखवू शकतो. ‘आम्ही स्ट्रीम मॅनेज करतो, ओव्हरले (चित्रावरची सजावट) फुकट लावून देतो’ म्हणणारे ही की घेतात आणि रात्री तुमच्या चॅनलवरून क्रिकेटचा सामना दाखवतात. कॉपीराइटचा स्ट्राइक, म्हणजे यूट्यूबची नोंदवलेली ताकीद, तुमच्या नावावर पडतो. लाइव्ह बंद होतं, आणि असे तीन झाले की चॅनलच बंद होऊ शकतं. की दिली गेली असेल तर यूट्यूब स्टुडिओत लाइव्हच्या पानावर ‘रीसेट’ आहे. दाबलं की जुनी की तात्काळ मरते. मदतीला खरंच कोणी हवं असेल तर स्टुडिओतल्या ‘परमिशन्स’मधून त्याच्या ईमेलला मॅनेजर किंवा एडिटर म्हणून जोडा. पासवर्ड द्यावा लागत नाही आणि काढून टाकणं एका क्लिकचं काम.

पैसे घेऊन चॅनलवर लाइव्हची सोय ‘अनलॉक’ करून देतो म्हणणारे तर अज्ञानावर जगतात. फोनच्या यूट्यूब ॲपमधून लाइव्ह जायला किमान ५० सबस्क्रायबर लागतात. पहिल्यांदा लाइव्ह सुरू करताना फोन नंबर पडताळावा लागतो आणि मान्यतेला २४ तासांपर्यंत वेळ लागू शकतो. त्या एका दिवसाच्या उतावीळपणात मुलं पाचशे-हजार रुपये देऊन बसतात. खरं तर ५० ची अट फक्त यूट्यूबच्या मोबाइल ॲपला आहे. स्टुडिओमधून आरटीएमपी पत्ता (स्ट्रीम जिथे पाठवायची तो पत्ता) आणि की घेऊन दुसऱ्या ॲपमधून लाइव्ह गेलं तर ती लागत नाही, आणि त्याला एक रुपयाही पडत नाही. वयाची अट मात्र कोणीही अनलॉक करू शकत नाही: २२ जुलै २०२५ पासून एकट्याने लाइव्ह जायला १६ वर्षं पूर्ण लागतात. मोनेटायझेशनचं, म्हणजे यूट्यूबकडून कमाई सुरू होण्याचंही तसंच. अर्जाला फी नाही. विकत घेतलेले पाहण्याचे तास आणि सबस्क्रायबर यूट्यूब पुसून टाकतं, वर बनावट प्रतिसादाबद्दल कारवाई होते ती वेगळीच.

प्रायोजक पैशांवर खेळायच्या ॲपचा निघाला तर खरा असला तरी नको. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने केलेल्या ऑनलाइन गेमिंगच्या कायद्यात अशा खेळांची जाहिरात करणाऱ्यालाही दोन वर्षांपर्यंत कैद आणि पन्नास लाखांपर्यंत दंड आहे.

मग लोगो लावून कमाई करायचीच नाही का? जरूर करायची. प्रायोजकाकडून फक्त लोगोची पीएनजी फाइल, म्हणजे साधं चित्र, मागा आणि ती आपल्या नेहमीच्या, प्ले स्टोअरवरून घेतलेल्या ॲपमध्ये टाका. खऱ्या कंपनीला लोगो दिसण्याशी मतलब असतो, तो कुठल्या ॲपमधून दिसतो याच्याशी नाही. या एका वाक्यावर निम्मे मेसेज गप्प होतात. मेलचा पत्ता शेवटच्या अक्षरापर्यंत वाचा, कंपनीच्या वेबसाइटवरचा नंबर स्वतः शोधून फोन करा. ‘यूट्यूबने तुमच्याशी खाजगी व्हिडिओ शेअर केला’ अशी सूचना खऱ्या यूट्यूबच्या पत्त्यावरून आली तरी तिच्यातल्या लिंकवर जाऊ नका. २०२५ मध्ये यूट्यूबच्या प्रमुखाचा एआयने बनवलेला व्हिडिओ याच वाटेने पाठवला जात होता आणि यूट्यूबलाच त्याबद्दल इशारा द्यावा लागला. आणि पैसे घ्यायला पिन कधीच टाकावा लागत नाही.

स्ट्रीमिंगच्या फोनवर बँक नको, हा सगळ्यात स्वस्त उपाय. घरातला जुना फोन बँकेला ठेवा, ज्यावर खेळता त्यावर यूपीआय नको आणि बँकेला जोडलेलं सिमही नको. हे जमत नसेल तर निदान लाइव्ह जाण्याआधी ‘डू नॉट डिस्टर्ब’ लावा आणि फोनमध्ये सोय असेल तर पूर्ण स्क्रीनऐवजी फक्त गेमचं ॲप शेअर करा. अँड्रॉइड १५ स्क्रीन शेअर चालू असताना नोटिफिकेशनमधला मजकूर आणि ओटीपी झाकतो. त्याआधीच्या फोनवर ओटीपी सगळ्या प्रेक्षकांना दिसू शकतो.

ॲपवर संशय असेल तर डेटा बघा. ७२० पी, ३० फ्रेम, ३००० केबीपीएस या सेटिंगला आवाज धरून तासाला साधारण १.४ जीबी लागतात, अर्ध्या तासाला ७०० एमबी. सेटिंग्जमध्ये त्या ॲपचा वापर याच्या बराच वर दिसला तर चित्र आणखी कुठेतरी जात असू शकतं. स्ट्रीम बंद असतानाही ॲपने बराच डेटा खाल्ला तर शंका आणखी पक्की. स्टेटस बारमधलं स्क्रीन शेअरचं चिन्ह स्ट्रीम थांबवल्यावरही गेलं नाही, तरी तेच.

फोन हातातून गेला असं वाटलं तर एअरप्लेन मोडवर विसंबू नका. ॲक्सेसिबिलिटी असलेलं ॲप तो परत काढू शकतं. वायफायचा राउटर बंद करा आणि सिम काढून साध्या फोनमध्ये घाला. ओटीपी आता तिथे येतील. त्याच फोनवरून बँकेला आणि १९३० या सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला कॉल करा. १९३० वर जितक्या लवकर नोंद होते तितकी पैसे पुढच्या खात्यात गोठवले जाण्याची शक्यता जास्त, म्हणून घरच्यांना कसं सांगू या विचारात तास घालवू नका. रिझर्व्ह बँकेने जुलै २०१७ मध्ये घालून दिलेल्या नियमानुसार ग्राहकाच्या चुकीने पिन किंवा ओटीपी बाहेर गेला असेल तर बँकेला कळवेपर्यंतचं नुकसान ग्राहकाचं, कळवल्यानंतरचं बँकेचं. कळवल्याची वेळ आणि तक्रार क्रमांक लिहून ठेवा. यूपीआयच्या प्रत्येक व्यवहाराचा १२ आकडी संदर्भ क्रमांक तक्रारीत लागतो.

गूगल खातं दुसऱ्या स्वच्छ फोनवरून सोडवायला घ्या. चोराने रिकव्हरी नंबर बदलला असला तरी जुन्या नंबरावर किंवा ईमेलवर कोड मागवायची सोय साधारण सात दिवस राहते. आठव्या दिवशी हीच गोष्ट फार अवघड होते. खातं मिळालं की आधी सगळ्या उपकरणांवरून साइन आउट, मग पासवर्ड, मग स्ट्रीम की रीसेट, मग ‘परमिशन्स’मध्ये कोणी अनोळखी बसलंय का ते पाहणं. या दिवसांत ‘चॅनल परत मिळवून देतो’ म्हणणारे मेसेज येतील, तक्रार केलेल्या पोस्टखाली तर हमखास. तेही पैसे घेऊन गायब होतात.

फॅक्टरी रीसेट सगळ्यात शेवटी. त्याआधी दुसऱ्या फोनच्या कॅमेऱ्याने चॅट, ॲपचं नाव, दिलेल्या परवानग्या आणि पैसे गेलेल्या यूपीआय आयडीचे फोटो काढा, कारण पोलिसांना हेच लागतं. रीसेटनंतर व्हॉट्सॲपचा बॅकअप परत घेतला की तो संवाद त्या एपीके फाइलसकट परत येऊ शकतो. फोन घरातल्या धाकट्याच्या हातात जाण्याआधी ती फाइल पुसा.