झाडीपट्टीच्या नाटकाला सोनी एनएक्स १००

पूर्व विदर्भाच्या झाडीपट्टीत दिवाळी झाली की मंडई म्हणजे गावची जत्रा, मग शंकरपट म्हणजे बैलांच्या शर्यती, नि त्याच गावात रात्री नाटक. मधल्या तारखांना साक्षगंध (साखरपुडा), लग्नं. वडसा-ब्रह्मपुरीकडच्या शूटिंगवाल्याला हे सगळं एकाच कॅमेऱ्यावर निभवायचं असतं, आणि त्यासाठी सोनीचा एचएक्सआर-एनएक्स १०० आजही खात्रीचा आहे. फोरके नाही, १०८० वरच थांबतो. गिऱ्हाईक फोरकेच मागत असेल तर घेऊ नका.

झूम १२ पट. प्रेक्षकांच्या मागे ट्रायपॉड लावूनही नटाचा चेहरा फ्रेममध्ये भरतो. मात्र वाइडला एफ २.८ असलेली लेन्स पूर्ण झूमवर एफ ४.५ होते, प्रकाश निम्म्याहून कमी येतो आणि ऐन रडण्याच्या प्रवेशात चित्र काळवंडतं. म्हणून आयरिस, म्हणजे लेन्सचं प्रकाश घेणारं छिद्र, नाटकाचा पडदा उघडण्याआधीच मॅन्युअलवर ४.५ ला बांधा. कमी पडेल तो उजेड गेनवर (चित्र इलेक्ट्रॉनिक पद्धतीने उजळवणारी सेटिंग) घ्या, पण १२ डीबीच्या वर नको, दाणे दिसतात. शटर १/५०. आपली वीज ५० हर्ट्झची, १/६० वर स्टेजच्या लाइटांचे पट्टे धावतात. व्हाइट बॅलन्स ऑटोवर सोडला की स्टेजचे लाल-निळे पार लाइट फिरताना चेहरे रंग बदलत राहतात.

आवाजासाठी दोन एक्सएलआर, म्हणजे व्यावसायिक माइकची तार लावायच्या जागा, आहेत, हीच याची खरी कमाई. एकात मिक्सरची तार घ्या आणि स्विच लाइनवर करा. माइकवर राहिला तर सगळी गाणी फाटतात, नंतर काही करता येत नाही. दुसऱ्यात स्वतःचा माइक, कारण टाळ्या, शिट्ट्या आणि ‘वन्स मोअर’ मिक्सरमध्ये येतच नाहीत. लेव्हल मॅन्युअल, उणे १२ डीबीच्या आसपास.

५० एमबीपीएसच्या रेकॉर्डिंगवर तासाला साधारण २२ जीबी जातात. ६४ जीबीचं कार्ड पहाटेपर्यंत पुरत नाही. दोन्ही स्लॉटमध्ये कार्ड घालून रिले चालू ठेवा, म्हणजे एक भरलं की रेकॉर्डिंग आपोआप दुसऱ्यावर जातं. जनरेटरवर अडॅप्टरचा भरवसा नको, बॅटरी लावलेलीच असू द्या.

शंकरपटाला दुपारच्या उन्हात आतले एनडी फिल्टर, म्हणजे प्रकाश कमी करणाऱ्या काचा, कामी येतात. ते नसले की शटर चढवावं लागतं आणि बैलांची धाव तुटक दिसते.

सेकंडहँड घेताना एक्सएलआरची तार हलवून खरखर ऐका, एनडीचा स्विच सगळ्या खाचांत फिरवून बघा, दोन्ही स्लॉटमध्ये रेकॉर्डिंग करून पाहा. इथला धुरळा आधी याच जागा धरतो.