बिलं माझ्या नावावर, सिरियल त्यांच्या नावावर

लाइन प्रोड्युसरचं, म्हणजे निर्मात्यासाठी शूटिंगची सगळी जमवाजमव आणि खर्च सांभाळण्याचं काम करणाऱ्या प्रत्येकाने हे वाचाच. मला ७,५८,००० रुपयांना बुडवलंय आणि बुडवणारा सिरियलचा निर्माता आजही नव्या वेब सिरीजसाठी माणसं गोळा करत फिरतोय.

'चॅनलचे पैसे टेलिकास्टनंतर ९० दिवसांनी येतात' हे आपल्या लाइनीत कुणालाच खटकत नाही, कारण बहुतेकदा ते खरंच असतं. त्याच्याच आडून हा खेळ झाला. शूटिंग गोरेगावच्या चित्रनगरीत. कॅमेरा-लेन्स ३,६०,०००, लाइट आणि जनरेटर २,७५,०००, केटरिंग १,४८,०००, माझं मानधन १,७५,०००. एकूण ९,५८,०००. हातात ॲडव्हान्स २,००,०००, त्यातूनही टीडीएस म्हणून २०,००० कापले. ते माझ्या पॅनवर भरलेच नाहीत. आपल्या नावावर किती टॅक्स भरला गेला ते दाखवणारं २६एएस उघडून बघत जा!

शूटच्या आदल्या संध्याकाळी जनरेटरवाल्याचं कोटेशन आलं. निर्माता म्हणाला, "दादा, बिलं तुमच्याच नावाने घ्या ना, आमच्या कंपनीचं जीएसटीचं काम चालू आहे." तिथेच सगळं ठरलं होतं. त्या एका वाक्यानंतर एकाही व्हेंडरचा, म्हणजे सामान पुरवणाऱ्याचा, त्याच्याशी कागदोपत्री संबंध उरला नाही. पण कॉलशीट, म्हणजे कुणी कधी सेटवर यायचं याचा कागद, सगळ्यांना गेलेली, आर्टिस्टच्या तारखा घेतलेल्या. अशा वेळी जो शूट थांबवतो त्याला पुन्हा कोण बोलावतं? माझ्या जागी कुणीही असतं तरी हेच केलं असतं. व्हेंडर निर्मात्याला ओळखत नाहीत, आपल्याला ओळखतात. माझ्या शब्दावर उधारी मिळते हे हेरूनच मला घेतलं होतं.

मग उरलेल्या ७,५८,०००चा चेक आला आणि बाउन्स झाला. चेकवरचं नाव करारातल्या कंपनीचं नव्हतंच, भलत्याच फर्मचं. दोन्ही नावं अक्षर न अक्षर ताडून बघा. आणि "पुढच्या आठवड्यात नक्की" यावर अजिबात थांबू नका. चेक परत आल्याचा बँकेचा मेमो हातात आला की चेक बाउन्सच्या कलम १३८ची नोटीस ३० दिवसांच्या आत गेलीच पाहिजे. ते दिवस वाया घालवण्यासाठीच गोड बोलतात.

पोलिसांनी काय सांगावं? "हा व्यवहारातला वाद आहे, दिवाणी कोर्टात जा." अहो, पहिल्याच दिवशी बिलं दुसऱ्याच्या गळ्यात मारायची, हा फसवणुकीचा हेतू नाही तर काय? भारतीय न्याय संहितेतलं कलम ३१८ कशासाठी आहे? अर्ज घेतला, शिक्का मारला, विषय संपला. साहेब बंदोबस्ताला, साहेब सुट्टीवर. आमच्या कामगारांच्या संघटनेत गेलो तर म्हणे निर्माता आमचा सभासद नाही. निर्मात्यांच्या संस्थेत गेलो तर म्हणे तुम्ही आमचे सभासद नाही. वर्गणी घ्यायला मात्र सगळ्यांना वेळ असतो! सेटवर रात्र रात्र जागणाऱ्या माणसाचा वाली कोण, ते एकाने तरी सांगावं.

व्हेंडरची बिलं थेट निर्मिती संस्थेच्या नावाने घ्या, नाहीतर जनरेटर सेटवर येऊच देऊ नका. वर्क ऑर्डर लेटरहेडवर, सहीसकट. व्हॉट्सॲपवरचं 'ओके दादा' पुरेसं नाही.

१३८ची केस दाखल केली आहे, तारखा पडताहेत. कॅमेरावाल्याचे १,१०,००० मी अजून माझ्या खिशातून फेडतोय.